झुलीखालचा हत्ती

२०२५च्या ऑगस्टमध्ये आपल्या सगळ्यांच्या फोनवर एक हत्तीण येऊन गेली. शिरोळ तालुक्यातल्या नांदणीच्या जैन मठाची महादेवी, जिला गावात माधुरी म्हणत. मुंबई उच्च न्यायालयाने १६ जुलैला तिला जामनगरच्या ‘वनतारा’त हलवण्याचा आदेश दिला, महिनाअखेरीस सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला आणि माधुरी गेली. मग व्हिडिओ आले. तिच्या डोळ्यांतलं पाणी, रडणारे गावकरी, मागे सनईचं संगीत. नांदणीपासून कोल्हापूरपर्यंत मूक पदयात्रा निघाली, लाखोंच्या सह्या झाल्या, लोकांनी जिओची सिमकार्डं बदलली. इथे ॲन आर्बर, कॅन्टन, नोवायच्या मराठी ग्रुपांवर एरवी पार्किंग आणि पोटलकच्या पलीकडे न जाणारी मंडळी एकदम पेटून उठली. ‘आपली लेक सासरी नाही, तुरुंगात पाठवली’ अशा धर्तीचे मेसेज मला एका दिवसात तीन वेगवेगळ्या ग्रुपांवरून आले. पाठवणाऱ्यांपैकी एकही जण नांदणीला गेलेला नव्हता. ते ठीक आहे, मीही गेलेली नाही.

पण त्या सगळ्या मेसेजांत तिच्या पायांबद्दल एक ओळ नव्हती.

न्यायालयापुढे जे अहवाल होते त्यांत पायांच्या जखमा होत्या, वाढलेली नखं होती, संधिवात होता. न्यायालयाने स्पष्ट म्हटलं की हत्तीचा धार्मिक कामासाठी वापर करण्याचा माणसाचा हक्क आणि हत्तीचा चांगल्या आयुष्याचा हक्क यांत निवड करायची तर आम्ही हत्तीची बाजू घेऊ. हे पटो न पटो, बातमीचा गाभा हाच होता. आपण तो वगळला आणि उरलेल्यातून एक गोष्ट तयार केली: गाव हत्तिणीवर प्रेम करतं, हत्तीण गावावर प्रेम करते, दुष्ट शहरी लोक येऊन ताटातूट करतात. ही गोष्ट आपल्याला कुणी शिकवावी लागली नाही. ती आपल्याला लहानपणापासून पाठ होती. माझं म्हणणं असं आहे की ती पुस्तकांनी पाठ करून दिली आहे, आणि आपण इथे बसून तीच आपल्या मुलांना पाठ करून देतो आहोत.

एक खुलासा आधीच करते, कारण तो प्रश्न येणारच. वनतारा ही एका प्रचंड श्रीमंत कुटुंबाची संस्था आहे. देशभरातले हत्ती एका उद्योगसमूहाच्या आवारात गोळा होत जावेत याबद्दल शंका घेणं अगदी योग्य आहे. गडचिरोलीतल्या कमलापूरच्या सरकारी कॅम्पमधले हत्ती जामनगरला न्यायचं ठरलं तेव्हा तिथल्या लोकांनी विरोध केला, आणि त्यात मला तथ्य वाटतं. पण ‘हत्ती कुठे जावा’ हा एक प्रश्न आहे आणि ‘हत्ती आजारी होता का’ हा दुसरा. दुसऱ्याचं उत्तर नको असलं की आपण पहिल्यावर ओरडतो.

आता पायांविषयी, कारण सांध्यांतल्या कूर्चेवर संशोधन करणं हे माझं रोजचं काम आहे. माझे नमुने उंदरांचे असतात, हत्तीचे नाहीत. पण भार आणि सांधा यांचं गणित सगळीकडे तेच. हत्तीचा पाय बाहेरून खांबासारखा दिसतो. आत मात्र तो प्राणी चवड्यावर, जवळजवळ बोटांच्या टोकांवर उभा असतो, आणि टाचेच्या जागी चरबीची एक जाड उशी असते. आशियाई मादीचं वजन तीनेक टन धरा. हा सगळा सांगाडा चालण्यासाठी घडलेला आहे: माती, वाळू, चिखल, उतार, दिवसाकाठी कितीतरी किलोमीटर. चालण्यातच नखं आणि तळवे झिजतात. त्याला काँक्रीट किंवा फरशीवर उभं ठेवलं की झीज होत नाही, नखं वाढतात, तळव्याला भेगा पडतात, मलमूत्राच्या ओलीत त्या चिघळतात आणि जंतुसंसर्ग हाडापर्यंत जातो. पाळीव हत्ती जगभर ज्या आजारांनी खंगतात त्यांत पाय आणि सांधे अगदी वरच्या क्रमांकावर आहेत. यात क्रौर्य असावंच लागतं असं नाही. रोज प्रेमाने केळी, गूळ, नारळ भरवणाऱ्या माणसांच्या दारातही हेच होतं.

हे आपल्यापासून पाऊण तासावर घडून गेलेलं आहे. रॉयल ओकमधल्या डेट्रॉईट प्राणिसंग्रहालयात विंकी आणि वांडा नावाच्या दोन आशियाई हत्तिणी होत्या. दोघी पन्नाशीच्या आसपासच्या, दोघींना संधिवात. मिशिगनच्या हिवाळ्यात त्यांना महिनोन्‌महिने कोठारातल्या कठीण जमिनीवर दिवस काढावे लागत. २००४च्या मे महिन्यात तिथले संचालक रॉन केगन यांनी जाहीर केलं की इथे हत्ती ठेवणं नैतिकदृष्ट्या बरोबर नाही, आम्ही त्यांना कॅलिफोर्नियातल्या अभयारण्यात पाठवणार. प्राणिसंग्रहालयांच्या राष्ट्रीय संघटनेने सुरुवातीला मोडता घातला. त्यांचं म्हणणं हत्तिणी ओहायोत कोलंबसच्या प्राणिसंग्रहालयाला द्या. शेवटी एप्रिल २००५मध्ये विंकी आणि वांडा कॅलिफोर्नियाला गेल्या. एका मोठ्या अमेरिकन प्राणिसंग्रहालयाने केवळ हत्तींच्या भल्यासाठी हत्ती सोडण्याची ही पहिली वेळ. त्या जागी पुढे गेंडे आले. डेट्रॉईटच्या मुलांनाही वाईट वाटलं असणारच, त्यांच्याही आठवणी होत्या. त्यांना कारण सांगितलं गेलं: त्यांचे पाय दुखतात, इथे थंडी आहे. पाच वर्षांच्या मुलाला हे समजतं.

आणि आपल्याकडेही हे आधी झालेलं आहे! कोल्हापूरजवळच्या जोतिबाच्या देवस्थानाला २००७ साली अर्पण केलेला सुंदर नावाचा हत्ती आठवतो का? तोही न्यायालयांच्या फेऱ्यांनंतर २०१४मध्ये बंगळुरूच्या बन्नेरघट्ट्याला गेला. पॉल मॅकार्टनीने त्याच्यासाठी पत्र लिहिलं होतं म्हणून तेव्हा दोन दिवस गंमत वाटली. अकरा वर्षांनी त्याच जिल्ह्यातल्या दुसऱ्या हत्तिणीसाठी रडताना त्याची कुणाला आठवणही झाली नाही. गोष्टीतल्या हत्तीची स्मरणशक्ती जबर असते. वाचकांची कशी असते ते दिसलंच.

तर पुस्तकं.

मूल दोन वर्षांचं झालं की आपण वाचनालयातून गठ्ठे आणायला लागतो, आणि त्या गठ्ठ्यात हत्ती हमखास असतो. मो विलेम्सचा जेराल्ड, डुक्कर मैत्रिणीबरोबरचा. २००७ ते २०१६मध्ये त्याची पंचवीस पुस्तकं आली. डॉक्टर स्यूसचा हॉर्टन, जो १९४०मध्ये दुसऱ्याचं अंडं उबवतो. हे हत्ती म्हणजे सोंडवाली माणसं आहेत आणि त्यात काही बिघडत नाही. जेराल्ड हा काळजीखोर मित्र आहे, त्याच्याकडून मुलांनी प्राणिशास्त्र शिकावं अशी कुणाची अपेक्षा नाही. मला त्रास होतो तो बाबारचा. ज्याँ द ब्रुनॉफचं हे पुस्तक १९३१चं. पहिल्या काही पानांतच शिकारी बाबारच्या आईला मारतो. पिल्लू पळून शहरात येतं, एक श्रीमंत म्हातारी त्याला पैसे देते, तो हिरवा सूट घेतो, मोटार घेतो, शिकतो आणि जंगलात परत जाऊन राजा होतो. आईचा खून करणाऱ्या शिकाऱ्याचं पुढे काय झालं, हे पुस्तक विचारत नाही. ज्या जगाने आई मारली त्याच जगाचे कपडे घालून परतणं ही प्रगती. एरियल डॉर्फमनने १९८०च्या दशकात यावर वसाहतवादाची गोष्ट म्हणून टीका केली, हर्बर्ट कोलने १९९५मध्ये ‘बाबार जाळावा का?’ असंच विचारलं. मी जाळा म्हणणार नाही. पण शहरात येऊन सूट घेऊन राजा झालेल्या हत्तीची गोष्ट आपल्या घरांत इतकी प्रिय का असते, याचा विचार ग्रीन कार्डाच्या रांगेत उभ्या असलेल्यांनी फावल्या वेळात करावा.

किपलिंगचा तूमाई वेगळा. १८९४च्या ‘जंगल बुक’मधला काला नाग सत्तेचाळीस वर्षं सरकारची चाकरी करून थकलेला हत्ती आहे. त्यात खेडा आहे, दोरखंड आहेत, माहुतांची उतरंड आहे, साहेब आहे. साम्राज्याचा अभिमान पानोपानी असला तरी हत्ती हा कामगार आहे हे किपलिंग लपवत नाही. किपलिंगच्या हत्तीला नोकरी आहे, बाबारला सूट आहे. आपल्या हत्तीला काय आहे? झूल.

मराठी मनात हत्ती झुलीशिवाय येतच नाही. दारी हत्ती झुलणं म्हणजे वैभव. जिलेबी-साखर वाटायची ती हत्तीवरून. १६७४च्या राज्याभिषेकाला रायगडावर हत्ती पाहून इंग्रज वकील हेन्री ऑक्झिंडेन चकित झाला ही गोष्ट प्रत्येक मराठी मुलाला माहीत असते, आणि हत्ती पिल्लं असतानाच वर नेले होते हे उत्तरही. त्या कड्यावर त्यांना रोजचा दीडशे किलो चारा नि पाणी कुठून येत होतं, हे वर्गात कुणी विचारल्याचं मला आठवत नाही. भोंडल्याला पाटावर मधोमध हत्ती काढतो. हस्त नक्षत्र, पाऊस, शेत, धान्य, या सगळ्याशी त्या चित्राचं नातं होतं. पंचांगात नक्षत्राचं ‘वाहन हत्ती’ आलं की शेतकरी सुखावायचा. आमच्या इथल्या कम्युनिटी हॉलमधल्या भोंडल्यात तो लॅमिनेट केलेला प्रिंटआउट असतो आणि त्याच्याभोवती मुली फेर धरतात. मला तो फेर आवडतो, मीही धरते. पण नऊ वर्षांच्या मुलीने मला विचारलं की महाराष्ट्रात खरे हत्ती आहेत का, तेव्हा शेजारच्या तिच्या आईने परस्पर उत्तर दिलं, ‘नाही गं, ते केरळात.’

आहेत. २००२पासून आहेत. कर्नाटकातून दोडामार्गात उतरलेले हत्ती तेव्हापासून सिंधुदुर्गात, तिलारीच्या खोऱ्यात, आणि घाटावर आजरा-चंदगडात वावरतात. २०२१च्या ऑक्टोबरात छत्तीसगडमधून वीसेक हत्तींचा कळप गडचिरोलीत आला आणि राहिला. म्हणजे आपल्यापैकी बरेच जण विमानात बसण्याच्या सुमारास हत्ती महाराष्ट्रात परत यायला लागले होते. त्यांच्याबरोबर रात्रीचे हाकारे आले, फटाके आले. माड, पोफळी, केळी, भात. माडाला फळ धरायला वर्षं लागतात, आडवा व्हायला काही मिनिटं. नुकसानभरपाईचा कागद त्या वर्षांचा हिशोब कसा मांडणार? २०२५च्या एप्रिलमध्ये दोडामार्गातल्या मोर्ले गावात हत्तीच्या हल्ल्यात एका शेतकऱ्याचा जीव गेला. देशभरात वर्षाला पाचशेहून अधिक माणसं अशी मरतात, आणि विजेच्या तारा, रेल्वे, विष यांनी हत्ती मरतात. त्याच वर्षीच्या डीएनएवर आधारलेल्या गणनेत भारतात सुमारे २२ हजार ४०० रानटी हत्ती निघाले.

मोर्ल्याच्या बातमीचा एकही मेसेज मला आला नाही. सप्टेंबरात कळपापासून सुटलेला एक तरुण हत्ती पेडण्यात शिरला, गोव्याच्या नव्या विमानतळाच्या परिसरात फिरला, मग पुन्हा सावंतवाडीकडे आला. त्याचे मेसेज आले, कारण त्याचं नाव ओंकार. रानटी हत्तीलाही आपण देवाचं नाव देतो आणि मग भाताच्या शेतात त्याच्यावर फटाके टाकतो. यात शेतकऱ्याची कुचेष्टा नाही. भात त्याचा जातो. देव आणि भात दोन्ही सांभाळायची त्याची ओढाताण हीच खरी मराठी हत्तीची गोष्ट आहे, आणि ती मुलांच्या पुस्तकात मला कुठे सापडत नाही. मोठ्यांच्याही सापडत नाही.

असं का व्हावं? मराठीला प्राण्यांविषयी खरं लिहिता येत नाही म्हणावं तर व्यंकटेश माडगूळकरांचं ‘सत्तांतर’ १९८२चं आहे. वानरांच्या टोळीतली सत्ता, पिल्लांचा बळी, पराभव. एकाही वानराला माणसाचे कपडे न घालता. मारुती चितमपल्लींनी आयुष्यभर रानाची भाषा गोळा करून मराठीच्या ओटीत घातली. म्हणजे हत्यार आहे, हात आहे. हत्ती मात्र मखरात बसला आहे आणि मखरातल्याबद्दल असं लिहायचं नसतं.

बाकीच्यांनी काय केलं ते पाहा. सिंथिया मॉस १९७२पासून अंबोसेलीतल्या हत्तिणींच्या पिढ्या ओळखत आली आणि १९८८मध्ये तिने त्यांच्या कुटुंबकथा लिहिल्या. केटी पेनला १९८४मध्ये पोर्टलंडच्या प्राणिसंग्रहालयात पिंजऱ्याजवळ हवेत थरथर जाणवली आणि हत्ती आपल्याला ऐकू न येणाऱ्या खर्जात बोलतात हे त्यातून उलगडलं. आपल्या नदीपलीकडच्या विंडसरमध्ये जन्मलेल्या बार्बरा गाऊडीने १९९८मध्ये ‘द व्हाइट बोन’ ही कादंबरी हत्तींच्या तोंडून सांगितली, त्यांच्या दुष्काळाची आणि कत्तलीची. इंग्रजीचं कौतुक पुरे म्हणाल, तर मल्याळममध्ये वैकोम मुहम्मद बशीर आहेत. त्यांची १९५१ची छोटी कादंबरी, जिच्या नावाचाच अर्थ ‘माझ्या आजोबांचा एक हत्ती होता’. पडझड झालेल्या घरातली बाई आयुष्यभर वडिलांच्या त्या भल्या मोठ्या सुळेवाल्या हत्तीचा तोरा मिरवते. शेवटी गल्लीतली पोरं चिडवतात की तो हत्ती नव्हताच, वाळूत खड्डा करून मुंग्या धरणारा तो किडा होता. मल्याळममध्ये त्या किड्याच्या नावात हत्ती आहे. परदेशातल्या प्रत्येक मराठी मंडळाच्या अध्यक्षपदाची शपथ या पुस्तकावर हात ठेवून घ्यावी असं मला वाटतं.

मागच्या वर्षी एका मराठी शाळेच्या वाचनतासासाठी (नाव सांगत नाही, शाळा चांगली आहे) मला पुस्तक सुचवायला सांगितलं. दहा-बारा वर्षांची मुलं होती. मी कॅथरीन ॲपलगेट यांच्या ‘द वन अँड ओन्ली आयव्हन’मधला स्टेलाचा भाग मराठीत सांगते म्हटलं. ॲपलगेट मिशिगनमध्ये जन्मलेल्या, पुस्तक २०१२चं, पुढच्या वर्षी न्यूबेरी पदक मिळालं. मॉलमधल्या सर्कशीतली म्हातारी हत्तीण स्टेला पायाच्या जुन्या दुखण्याने मरते, आणि गोरिला मित्र तिच्या शेजारच्या पिल्लाला बाहेर काढायचं वचन देतो. उत्तर आलं, ‘इतकं दुःखी नको, मुलांना मराठीची गोडी लागली पाहिजे.’ त्याऐवजी गणपतीचं मोदकाचं गाणं झालं. मजा अशी की त्यातल्या निम्म्या मुलांनी ते पुस्तक आपापल्या शाळेत इंग्रजीतून वाचलेलं होतं! म्हणजे मरण, आजार, न्याय, वचन हे सगळं इंग्रजीत, मराठीत मोदक. मग तेराव्या वर्षी मूल मराठीत बोलायचं थांबतं आणि आपण कारण शोधत बसतो. ज्या भाषेत गंभीर काही बोलताच येत नाही अशी त्याची खात्री आपणच करून दिलेली असते, त्या भाषेत त्याने का बोलावं?

‘लहान मुलांना दुःख कशाला’ हा आक्षेप मी पुरेसा ऐकला आहे. ॲन आर्बरच्या विद्यापीठाच्या निसर्गविज्ञान संग्रहालयात शिरल्याबरोबर मॅस्टोडॉनचे दोन सांगाडे उभे आहेत. मॅस्टोडॉन हा मिशिगनचा अधिकृत राज्य-जीवाश्म आहे. २०१५मध्ये इथून जवळ चेल्सीपाशी एका शेतकऱ्याच्या सोयाबीनच्या शेतात निचऱ्याचं काम करताना मॅमथ निघाला. विद्यापीठाच्या डॅनियल फिशर यांच्या चमूने तो एका दिवसात बाहेर काढला. माणसांनी त्याचं मांस कापून तळ्यात साठवलं असावं, असा त्यांचा निष्कर्ष. हे सगळं आपली मुलं शाळेच्या सहलीत पाहतात, गाइड खुशाल सांगतो, आणि रात्री कुणाला वाईट स्वप्नं पडत नाहीत. उलट घरी येऊन आपल्यालाच शिकवतात. हजारो वर्षांपूर्वी मेलेल्या अमेरिकन हत्तीबद्दल सत्य चालतं; दोडामार्गात आज जिवंत असलेल्या मराठी हत्तीबद्दल चालत नाही.

गणपती काढून टाका असं मी म्हणत नाही. अशोक राजगोपालनचा ‘गजपती कुलपती’, ज्याच्या सर्दीने गाव हलतं, तो माझ्या मैत्रिणीच्या मुलाला मी दहा वेळा वाचून दाखवला आहे आणि अकराव्यांदाही दाखवीन. पण त्याच कपाटात दुसरं पुस्तकही असावं, आणि ते अजून कुणी लिहिलेलं नाही. लिहायचं कुणी? पीएचडी झालेले, फोटो काढणारे, चित्रं काढणारे, छपाईचा खर्च सहज उचलणारे मराठी लोक या एका राज्यात शेकड्याने सापडतील. मंडळाच्या स्मरणिकेवर दरवर्षी जितका पैसा आणि आर्ट पेपर जातो, तेवढ्यात तिलारीच्या हत्तींवर बत्तीस पानांचं चित्रपुस्तक निघतं. त्यात हत्तीचा पाय आतून कसा दिसतो ते एका पानावर असावं. ते पान मी लिहून देते, फुकट. एका पानावर आडवा झालेला माड असावा. हाकारे घालून पहाटे घरी परतणाऱ्या माणसाचं म्हणणं त्याच्याच मालवणीत असावं, शुद्धलेखनाची इस्त्री न करता.

हे वाचणाऱ्यांत दोडामार्ग, आजरा, चंदगड, पेडणे, गडचिरोली इथले कुणी असतील, किंवा कुणाचे आजोळ तिथे असेल, तर या डिसेंबरच्या फेरीत काकांना, मामांना विचारा की हत्ती आला त्या रात्री काय झालं. फोनवर रेकॉर्ड करा आणि मला पाठवा. चितळ्यांच्या बाकरवडीसारखं त्याचं बॅगेत वजनही होत नाही.